रामरक्षा शिकायची कशी: आधी कवच, मग बाकीचे

रामरक्षा पाठ करायला घेणारे बहुतेक जण पुस्तक उघडतात, ‘अस्य श्रीरामरक्षास्तोत्रमन्त्रस्य’पासून सुरुवात करतात आणि चार-सहा दिवसांत अडकतात. स्तोत्राची सुरुवातच अवघड आहे. आधी गद्य विनियोग (स्तोत्राची ओळख), मग एकवीस अक्षरी ओळींचा ध्यानश्लोक, मग ‘सासितूणधनुर्बाणपाणिं’सारखे लांब समास. ज्या भागामुळे या स्तोत्राला ‘रक्षा’ म्हणतात तो भाग, म्हणजे कवच, त्याच्याही पुढे, चौथ्या श्लोकाच्या दुसऱ्या ओळीपासून सुरू होतो. तिथवर पोहोचण्याआधीच पुष्कळांचा उत्साह मावळलेला असतो.

म्हणून शिकण्याचा क्रम आणि म्हणण्याचा क्रम वेगळा ठेवावा. म्हणताना पुस्तक समोर ठेवून पहिल्यापासून शेवटपर्यंत क्रमानेच म्हणावे. पाठांतर मात्र कवचापासून सुरू करावे. चौथ्या श्लोकाच्या उत्तरार्धापासून नवव्या श्लोकाच्या अखेरीपर्यंत अवघ्या अकरा ओळी आहेत. त्या पक्क्या बसल्या की उरलेले स्तोत्र त्यांच्याभोवती आपोआप लागते.

हाताशी काय हवे

एक छापील प्रत आणि तिच्याशी जुळणारे एकच ध्वनिमुद्रण. दोन वेगवेगळी मुद्रणे आलटून पालटून ऐकू नयेत. पाठभेद थोडे असले तरी कानाचा गोंधळ होतो. उदाहरणार्थ, विनियोगात कुठे ‘श्रीमद्धनुमान् कीलकम्’ असते, कुठे ‘श्रीमद्हनुमान् कीलकम्’. पंचविसाव्या श्लोकाच्या शेवटी काही प्रतींत ‘न ते संसारिणो नरः’ असे छापलेले दिसते. तिथे ‘ते’ आणि ‘संसारिणः’ ही अनेकवचने असल्याने ‘नराः’ हेच व्याकरणाला धरून आहे. प्रत घेताना ती ३८ श्लोकांची आहे ना, तेवढे पाहावे. प्रचलित पाठ तेवढ्याच श्लोकांचा आहे.

दिवा, आसन, पळी-पंचपात्री असल्यास उत्तम. नसले तरी अडत नाही. हे स्तोत्र आहे, त्याला दीक्षा किंवा मुंज लागत नाही. घरातले कोणीही, लहान मुलेसुद्धा, म्हणू शकतात. वेळ शक्यतो ठरलेली असावी. दिवेलागणीला शुभंकरोतीनंतर म्हणण्याची पद्धत घराघरांत आहे आणि ती सोयीचीही आहे, कारण त्या वेळी घरातले इतर जणही म्हणायला बसतात. नवख्या माणसाला पुस्तकात बघून पूर्ण पाठाला दहा-बारा मिनिटे लागतात. याहून फार कमी वेळ लागत असेल तर अक्षरे गिळली जात आहेत असे समजावे.

अकरा ओळींची रचना

कवचाच्या प्रत्येक ओळीत ‘पातु’, म्हणजे ‘रक्षण करो’, हे क्रियापद एकदाच येते आणि बहुतेक ओळींत ते दोन अवयवांना मिळून असते. ‘शिरो मे राघवः पातु भालं दशरथात्मजः’: राघव माझ्या मस्तकाचे रक्षण करो, दशरथाचा पुत्र कपाळाचे. ‘मे’ हा शब्दही कवचात या एकाच ठिकाणी आहे, पुढे तो गृहीत धरायचा.

अवयव वरून खाली उतरत जातात. मस्तक, कपाळ, डोळे, कान, नाक, मुख, जीभ, कंठ, खांदे, भुजा, हात, हृदय, शरीराचा मध्यभाग, नाभी, कंबर, सक्थिनी, मांड्या, गुडघे, पिंढऱ्या, पाय आणि शेवटी ‘अखिलं वपुः’, सगळे शरीर. म्हणजे वीस अवयव आणि एकविसावा संपूर्ण देह. (सक्थि म्हणजेही मांडीच, पण पुढे ‘ऊरू’ स्वतंत्र येत असल्याने इथे कमरेलगतचा मांडीचा वरचा भाग घेतला तर क्रम नीट लागतो.)

हा झाला एक धागा. दुसरा धागा नावांचा, आणि तो पुष्कळांच्या लक्षात येत नाही. रामाची जी नावे क्रमाने येतात, त्यांतून रामकथाच पुढे सरकते. राघव, दशरथात्मज, कौसल्येय: कूळ, वडील, आई. मग विश्वामित्रप्रिय आणि मखत्राता, म्हणजे विश्वामित्राचा लाडका आणि त्याच्या यज्ञाचा रक्षक. पुढे भग्नेशकार्मुक, शंकराचे धनुष्य मोडणारा, लगेच सीतापती, त्यानंतर जामदग्न्यजित्, परशुरामाला जिंकणारा. मग वनवासातला खरध्वंसी, किष्किंधेकडचे जांबवदाश्रय, सुग्रीवेश, हनुमत्प्रभु. पुढे सेतुकृत्, दशमुखान्तक आणि अखेर बिभीषणाला राज्यलक्ष्मी देणारा बिभीषणश्रीद. अधूनमधून सौमित्रिवत्सल, विद्यानिधी, भरतवन्दित अशी कथेच्या क्रमात न बसणारी नावे आहेत, पण गाभा बालकांडापासून युद्धकांडापर्यंत सरळ जातो.

पाठांतराचा सगळा भार या दोन धाग्यांवर टाकावा. ओळ अडली की आपण शरीरात कुठवर आलो आणि कथेत कुठवर आलो, हे दोन प्रश्न स्वतःला विचारायचे. हृदयापाशी आहोत आणि सीतास्वयंवर नुकतेच झाले आहे, तर पुढचे नाव परशुरामाचेच. असे दोन्हीकडून धरून ठेवले की ओळ सहसा निसटत नाही. नुसत्या चालीवर पाठ केलेली रामरक्षा चाल तुटताच तुटते. अर्थावर पाठ केलेली सावरता येते.

नाव आणि अवयव यांचा मेळही पुष्कळ ठिकाणी आहे. कानांवर विश्वामित्रप्रिय, कारण गुरूकडून विद्या कानांनी घेतली जाते. नाकावर यज्ञरक्षक, होमाचा धूर आठवावा. जिभेवर विद्यानिधी, खांद्यांवर दिव्यायुध, भुजांवर धनुष्य मोडणारा, हातांवर सीतेचे पाणिग्रहण करणारा, पायांवर बिभीषणाचा आश्रयदाता. प्रत्येक जोडीसाठी असा अर्थ काढता येतोच असे नाही, आणि ओढूनताणून काढूही नये. जिथे दिसतो तिथे तो लक्षात ठेवायला उपयोगी पडतो.

पहिला आठवडा: रोज दोन ओळी

पहिल्या दिवशी ‘शिरो मे’ ते ‘श्रुती’ या दोन ओळी. आधी पुस्तकात पाहून पाच वेळा सावकाश, मग अवयवाला उजव्या हाताची बोटे लावत पाच वेळा, मग पुस्तक मिटून. दुसऱ्या दिवशी जुन्या दोन ओळी म्हणूनच नव्या दोन घ्याव्यात. सहाव्या दिवशी अकराही ओळी होतात. सातव्या दिवशी नवे काही घ्यायचे नाही, फक्त अकरा ओळी सलग म्हणायच्या.

स्पर्श करताना बोटे अवयवाच्या नावाला लावावीत आणि पुढच्या अवयवाचे नाव येईपर्यंत तिथेच ठेवावीत. घाईत हात पुढे आणि शब्द मागे, असे होते. मग स्पर्शाला अर्थ उरत नाही. पूजेत न्यास (मंत्र म्हणत अवयवांना स्पर्श) करताना नाभीखालच्या अवयवांना स्पर्श केल्यावर पाण्याला हात लावायची रीत आहे. रोजच्या पाठात तेवढे नको असेल तर कमरेखाली नुसते मनाने स्पर्शावे.

चार ठिकाणी जवळपास सगळे चुकतात, म्हणून आधीच सांगून ठेवतो.

एक, ‘पातु’ची जागा. अकरापैकी आठ ओळींत ते पहिल्या अर्ध्याच्या शेवटी येते. पण ‘घ्राणं पातु मखत्राता’ आणि ‘मध्यं पातु खरध्वंसी’ या दोन ओळींत ते नावाच्या आधी आहे, आणि शेवटच्या ‘पादौ बिभीषणश्रीदः पातु रामोऽखिलं वपुः’ या ओळीत दुसऱ्या अर्ध्याच्या सुरुवातीला. सवयीने ‘घ्राणं मखत्राता पातु’ असे तोंडात येते आणि छंद मोडतो.

दोन, बहुतेक ओळी अवयवाने सुरू होतात. दोन मात्र नावाने: ‘कौसल्येयो दृशौ पातु’ आणि ‘सुग्रीवेशः कटी पातु’. या दोन ओळींच्या तोंडाशी माणूस थबकतो, कारण तो अवयव शोधत असतो.

तीन, ‘ऊरू रघूत्तमः पातु रक्षःकुलविनाशकृत्’. इथे एकाच अवयवाला दोन नावे आहेत. दुसरा अवयव शोधत बसू नये. शिवाय पुढे एकोणिसाव्या श्लोकात ‘रक्षःकुलनिहन्तारौ त्रायेतां नो रघूत्तमौ’ येते. दोन्हीकडे रक्षःकुल आणि रघूत्तम असल्यामुळे जीभ आठव्या श्लोकातून थेट एकोणिसाव्यात उडी मारते, आणि बऱ्याच वेळा म्हणणाऱ्याला कळतही नाही. गुडघे, पिंढऱ्या, पाय राहून गेले की समजावे, इथेच घसरलो.

चार, ‘जानुनी सेतुकृत्पातु’. हे ‘सेतुकृत पातु’ असे म्हटले की आठाची नऊ अक्षरे होतात.

उच्चार: मराठी जिभेच्या सवयी

अनुष्टुप् छंदाच्या प्रत्येक चरणात आठ अक्षरे असतात. शंका आली की बोटांवर मोजावे. अक्षरे नऊ भरली तर कुठेतरी हलन्त अक्षराला ‘अ’ लावलेला असतो; सात भरली तर एखादे अक्षर गिळलेले असते. ही मोजणी पुरते.

आपल्या जिभेच्या काही सवयी संस्कृतात आड येतात. मराठीत शब्दाच्या शेवटचा ‘उ’ आपण लांबवतो, त्यामुळे ‘पातु’चे ‘पातू’ होते. तो ऱ्हस्वच ठेवावा. उलट ‘श्रुती’ आणि ‘कटी’ यांतली ‘ई’ खरोखरच दीर्घ आहे, कारण ती द्विवचने आहेत. ‘ऊरू’ची दोन्ही अक्षरे दीर्घ. ‘सक्थिनी’त क नंतर थ आहे, त नाही; ‘सक्तिनी’ नको.

संस्कृतात च आणि ज नेहमी ‘चित्र’ आणि ‘जीव’ या शब्दांतल्यासारखे म्हणायचे. ‘चमचा’, ‘जांभूळ’ यांतला उच्चार नको. ‘चापबाणधरो’, ‘जाम्बवदाश्रयः’, ‘जङ्घे’ इथे हमखास चूक होते. ‘फलमूलाशिनौ’तला फ ओठ मिटून उघडत म्हणावा. ओळीच्या शेवटच्या विसर्गाला आधीच्या स्वराचा हलका प्रतिध्वनी द्यावा: ‘आत्मजः’ला ह, ‘वपुः’ला हु. अवग्रहाचा (ऽ) उच्चार करायचा नसतो. ‘रामोऽखिलं’ म्हणजे ‘रामोखिलं’. जिव्हा शब्दाचा उच्चार संस्कृतात आधी ह, मग व असा आहे, पण घरोघरी मराठीप्रमाणेच म्हणतात. त्यासाठी कोणाला टोकू नये.

दुसरा ते चौथा आठवडा

दुसऱ्या आठवड्यात कवचाच्या दोन्ही बाजू भराव्यात: आधी विनियोग, ध्यान आणि पहिले साडेतीन श्लोक, मग १० ते १५.

विनियोगात स्तोत्राची ओळख असते: ऋषी बुधकौशिक, देवता सीतारामचंद्र, छंद अनुष्टुप्, शक्ती सीता, कीलक हनुमान. पळी वापरत असाल तर उजव्या हातात पळीभर पाणी घेऊन ‘जपे विनियोगः’ म्हणताना ताम्हनात सोडावे. ध्यानश्लोक स्रग्धरा वृत्तात आहे. त्यात दर सात अक्षरांनी विसावा घ्यायचा: ‘ध्यायेदाजानुबाहुं | धृतशरधनुषं | बद्धपद्मासनस्थं’. तिसऱ्या ओळीत मात्र विसावा ‘मिलल्लोचनं’ या शब्दाच्या पोटात पडतो. तिथे न थांबता पुढे जावे, नाहीतर शब्द फाटतो. ध्यान म्हणजे मूर्ती डोळ्यांसमोर आणणे: पद्मासनात बसलेला, धनुष्यबाण धारण केलेला, पीतांबर नेसलेला, मेघासारख्या वर्णाचा राम आणि डाव्या मांडीवर बसलेली सीता, तिच्या मुखाकडे लागलेली त्याची दृष्टी. ही मूर्ती दिसल्याशिवाय कवचाला हात घालू नये. रक्षण कोणाकडे मागतो आहोत, हे आधी समोर असावे लागते.

दहा ते पंधरा ही फलश्रुती. तीत एक जागा थांबून पाहण्यासारखी आहे: रामरक्षा म्हणणारा ‘विजयी’ होतो आणि लगेच ‘विनयी’ होतो. अकराव्या श्लोकात पाताळ, भूतल आणि आकाशात फिरणाऱ्यांबरोबर ‘छद्मचारिणः’, वेष पालटून वावरणारे, यांचाही उल्लेख आहे. रामनामांनी रक्षिलेल्याकडे ते पाहूसुद्धा शकत नाहीत. ज्याला भुताखेतांचा विचार रुचत नाही, त्याने चांगुलपणाचे सोंग घेऊन येणारे स्वतःचेच विकार इथे घ्यावेत. परंपरेला दोन्ही वाचने चालतात. महत्त्वाचे आहे ते ‘रक्षितं रामनामभिः’. रक्षण नावांनी होते, म्हणूनच कवचात प्रत्येक अवयवावर वेगळे नाव ठेवले आहे. चौदाव्या श्लोकात या कवचाचे नाव येते, वज्रपंजर. पंधराव्यात ते कसे मिळाले ते सांगितले आहे: शंकराने स्वप्नात सांगितले आणि बुधकौशिकाने पहाटे उठून लिहून काढले.

तिसऱ्या आठवड्यात १६ ते २५. यातला विसावा श्लोक अवघड आहे आणि तोच सर्वात उपयोगी. ‘आत्तसज्जधनुषाविषुस्पृशावक्षयाशुगनिषङ्गसङ्गिनौ’ ही ओळ लोक ‘धनुषा, विषुस्पृशा, वक्षया’ अशी तोडतात. खरे शब्द असे: आत्तसज्जधनुषौ, इषुस्पृशौ, अक्षयाशुगनिषङ्गसङ्गिनौ. सज्ज धनुष्य घेतलेले, बाणाला हात लावलेले, अक्षय बाणांचे भाते बाळगणारे राम-लक्ष्मण माझ्या रक्षणासाठी वाटेत नेहमी पुढे चालोत. प्रवासाला निघताना एवढा एक श्लोक म्हटला तरी चालतो. अकरा अक्षरांचे रथोद्धता वृत्त आहे, पाचव्या अक्षराशी थांबायची इच्छा आवरावी.

चौथ्या आठवड्यात २६ ते ३८. श्लोक तेरा असले तरी काम हलके आहे, कारण ‘मनोजवं मारुततुल्यवेगं’, ‘आपदामपहर्तारं’, ‘राम रामेति रामेति’ हे बहुतेकांना आधीच येत असतात. वृत्ते मात्र सारखी बदलतात. ३८ पैकी तीस श्लोक अनुष्टुप् आहेत, आठ वेगळे, आणि त्यांतले सात याच भागात आहेत. म्हणून इथे एकाच चालीत सगळे रेटू नये. ‘माता रामो मत्पिता रामचन्द्रः’ला शालिनीची ठाय लय आहे, ‘श्रीराम राम रघुनन्दन’ वसंततिलकेत चढत जाते. सदतिसावा श्लोक विभक्तींवर पाठ करावा: रामो, रामं, रामेण, रामाय, रामात्, रामस्य, रामे आणि संबोधनाचा भो राम. शाळेत ‘देव’ शब्द चालवलेला असेल तर हा श्लोक कधीच विसरत नाही.

पाठात खंड पडला तर

मध्येच फोन आला, मूल रडले, उठावे लागले, तर परत आल्यावर चालू श्लोकाच्या सुरुवातीपासून धरावे. खंड कवचात पडला असेल तर ‘शिरो मे’पासून पुन्हा म्हणावे, अर्ध्या शरीरावर थांबू नये. कुठला शब्द चुकला हे लक्षात आले तर तो श्लोक एकदा नीट म्हणून पुढे जावे. चुकले तर उलटे फळ मिळते, अशी भीती नवख्यांना घातली जाते. तिच्यापायी स्तोत्र सोडून देणारे पुष्कळ आहेत. वेदमंत्रांच्या स्वरांचे कडक नियम स्तोत्रांना लागू नाहीत. सावकाश आणि समजून म्हणणे एवढीच अपेक्षा आहे.

वेळच नसेल तेव्हा ध्यान आणि अकरा ओळी म्हणाव्यात. तेवढाही नसेल तर विसावा किंवा अडतिसावा श्लोक. पूर्ण पाठ धावत उरकण्यापेक्षा हे बरे.

गुढीपाडव्यापासून रामनवमीपर्यंत रोज ठरावीक पाठ करायची रीत अनेक घरांत आहे. पाठांचा आकडा घरोघरी वेगळा असतो. आकडा आधी लहान घ्यावा आणि नऊही दिवस पाळावा. पहिल्या दिवशी अकरा आणि चौथ्या दिवशी शून्य, यात काही हशील नाही.

दुसऱ्यासाठी म्हणताना

आजारी माणसाच्या उशाशी किंवा झोपणाऱ्या बाळाजवळ बसून रामरक्षा म्हणतात. तेव्हा ‘मे’च्या जागी त्याचे नाव घालू नये, छंद मोडतो. सुरुवातीला मनात संकल्प करावा, ‘अमक्याच्या रक्षणासाठी म्हणतो आहे’, आणि पाठ जसाच्या तसा म्हणावा. बाळाला स्पर्श करायचा तर अवयवागणिक हलका हात फिरवावा. औषधाची वेळ आली की पाठ थांबवून औषध द्यावे, मग पुढचा श्लोक घ्यावा.

शेवटी ‘इति श्रीबुधकौशिकविरचितं श्रीरामरक्षास्तोत्रं सम्पूर्णम्’ आणि ‘श्रीसीतारामचन्द्रार्पणमस्तु’ म्हणून नमस्कार करावा. त्यानंतर समर्थ रामदासांचे ‘भीमरूपी महारुद्रा’ म्हणायची प्रथा आहे. ते मराठीत असल्याने मुले ते लवकर उचलतात. रामरक्षा बसल्यावर दुसरे कवच शिकावेसे वाटले तर अंगावर नावे ठेवण्याची हीच पद्धत दुर्गासप्तशतीच्या आधी म्हणतात त्या देवीकवचात आणि भागवताच्या सहाव्या स्कंधातल्या नारायणकवचात सापडेल. देवीकवच बरेच मोठे आहे. नारायणकवचात दिशा, काळ आणि स्थळ यांचेही रक्षण मागितलेले असल्याने त्याचा क्रम निराळा लावावा लागतो. ती दोन्ही रामरक्षेचा पाठ पुस्तकाशिवाय निर्वेध होऊ लागल्यावरच हाती घ्यावीत, एकाच वेळी दोन कवचे शिकायला घेतली तर अवयवांची सरमिसळ होते.